दाल्वाबाई आणि दुसरा साक्षीदार

दाल्वाबाईंनी माझा वाघ मारला, ती आमची पहिली भेट.

वाघ ताडोबाचा होता आणि मी तो कित्येक वर्षं प्रेमाने पोसला होता. मंडळाची पिकनिक असो, कोजागिरी असो, कोणाची साठी असो, चार माणसं आणि टेकायला एक खुर्ची मिळाली की मी वाघ सोडायचो. त्या रविवारी तो आमच्या बिल्डिंगच्या लाँड्री रूममध्ये सोडला होता. जर्सी सिटीतली आमची बिल्डिंग जुनी आहे. आजूबाजूला काचेचे टॉवर उभे राहिले, त्यांत घरोघरी मशीन आली, आम्ही मात्र अजून बास्केट उचलून तळघरात जातो. एकदा कपडे ड्रायरमध्ये गेले की कोणालाही जागचं हलता येत नाही. माझ्यासारख्या माणसाला असा प्रेक्षक कुठल्या थिएटरात मिळणार? समोर पाच-सहा पोरं मशीनवर चढून बसलेली, वाघाने जीपच्या बॉनेटवर झेप घेतलेली, माझा डावा हात हवेत, आणि कोपऱ्यात उशीच्या अभ्र्याची घडी घालणाऱ्या एका म्हाताऱ्या बाईंनी विचारलं,

"वाघाचं तोंड कुठल्या बाजूला होतं?"

"माझ्याकडे!" मी गरजलो.

"मग शेपटी ड्रायव्हरकडे. ड्रायव्हर काय म्हणाला?"

"ड्रायव्हर... घाबरला होता."

"हे कोण म्हणतं? तो, की तू?"

आवाजात कुत्सितपणा अजिबात नव्हता. डॉक्टर पोट दाबून 'इथे दुखतं?' विचारतात तसा सूर. बॉनेट गरम होतं का, जीपला काच होती का, तुझ्या शेजारी कोण होतं, त्याचा फोन नंबर आहे का. ड्रायर थांबला तेव्हा माझा वाघ तळ्याच्या पलीकडच्या काठावर होता, पाठमोरा होता, आणि तो सांबर असण्याची शक्यता नाकारता येत नव्हती.

पोरं खिदळत पळाली. दाल्वाबाई माझ्याजवळ आल्या आणि म्हणाल्या, "वाईट वाटून घेऊ नकोस. आता गोष्ट जास्त चांगली झाली. पलीकडे काहीतरी आहे, हलतंय, आणि काय आहे ते कळत नाही. बॉनेटवरच्या वाघापेक्षा मला त्याची जास्त भीती वाटते."

मी तेव्हा हे बोलणं सांत्वन म्हणून घेतलं. त्यांचं म्हणणं किती खरं होतं ते पुढे एका जानेवारीत, त्याच खोलीत, त्याच मशीनसमोर कळायचं होतं.

बाई ब्राझीलच्या. बुटक्या, पांढरे केस मुलासारखे कापलेले, अंगात नेहमी पुरुषी शर्ट आणि त्याच्या खिशात दोन पेनं. दोन का? तर एक पेन मुलाखत ऐन रंगात आली की बंद पडतं. मुलाखती घेणं थांबून जमाना झाला होता, पण दुसरं पेन गेलं नव्हतं. उमेदीची वर्षं त्यांनी बेलो ओरिझोंचीतल्या एका दैनिकात वार्ताहर म्हणून काढली होती आणि नंतर मुलांसाठी पुस्तकं लिहिली होती. तिकडच्या शाळांत ती अजून वाचतात म्हणे. नवरा गेल्यावर मुलाने इकडे आणलं. मुलगा-सून मॅसॅच्युसेट्समध्ये, श्रूजबरीला. या मात्र इथे चौथ्या मजल्यावर एकट्या.

"सुनेशी पटत नाही का?" आमच्या हिने, म्हणजे मीनलने, दुसऱ्याच भेटीत विचारलं. आमच्यात असले प्रश्न लवकर विचारतात.

"फार पटतं," बाई म्हणाल्या. "ते टिकावं म्हणून इथे राहते."

त्या झटक्यासरशी मीनलने त्यांना आपलं मानलं. दाल्वाबाई चीज घातलेले छोटे गोल पाव भाजायच्या. ते कशाचे, तर साबुदाणा ज्या कंदाचा होतो त्याच कंदाच्या पिठाचे. हे कळल्यावर बिल्डिंगमधल्या मराठी घरांत ते उपासाला चालतात की नाही यावर जो वाद पेटला, तो अजून धुमसतो आहे. बाईंनी दोन्ही पक्षांचं म्हणणं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "देवाला कोणी विचारलं का?"

'कोण म्हणतं?' हा त्यांचा मंत्र. पोर्तुगीजमध्ये त्या तो आयुष्यभर म्हणत आल्या होत्या. माझ्याकडून मराठी करून घेतला आणि 'कोन म्हन्तं?' असा, ण आणि त दोन्ही जिभेखाली चिरडत, बिल्डिंगभर वापरला. पाऊस येणार आहे. कोन म्हन्तं? भाडं वाढणार आहे. कोन म्हन्तं? आणि एका माणसाने सांगून भागत नसे. दुसरा साक्षीदार लागे. पहिल्याला न ओळखणारा.

हा नियम त्या मुलांच्या गोष्टींनाही लावायच्या. त्यांचा एक मुंगीखाऊ होता, डोक्यावर टोपी घालून बाजारात जाणारा. त्या मुंगीखाऊसाठी त्यांनी प्राणिसंग्रहालयात फोन केला होता, आणि तिथल्या माणसाने सांगितलेलं पडताळायला दुसऱ्या गावच्या प्राणिसंग्रहालयात.

"टोपी घालून बाजारात जाणाऱ्या प्राण्याचं काय पडताळणार?" मी हसलो.

"टोपी चालते. बाजार चालतो. दात चालत नाहीत. मुंगीखाऊला दात नसतात. चित्रकाराने दात काढले होते, मी खोडायला लावले." मग बोट माझ्या छातीवर टेकवून म्हणाल्या, "टोपी म्हणजे गंमत, हे मुलाला कळतं. दात म्हणजे फसवणूक. मूल हसतं, पण पुढच्या पानावर तुझ्यावर विश्वास ठेवत नाही."

या मुंगीखाऊचा जन्म कसा झाला ते त्यांनी सांगितलं, तेव्हा हातातली कॉफी मी गार होऊ दिली. त्यांच्या तरुणपणी तिकडे लष्कराची राजवट होती. वर्तमानपत्राच्या ऑफिसात सरकारचा एक माणूस बसायचा. नखं स्वच्छ, खुर्चीवर घालायला घरून आणलेली उशी, हातात लाल पेन्सिल. बातमी आवडली नाही की आडवी रेघ. दाल्वाबाईंच्या बातम्यांवर इतक्या रेघा पडल्या की संपादकसाहेबांनी शिक्षा म्हणून त्यांना मुलांच्या कोपऱ्यात बसवलं. तो कोपरा पेन्सिलवाला वाचत नसे. बायकांचं काम, म्हणून. मग दाल्वाबाईंचा मुंगीखाऊ टोपी घालून बाजारात गेला आणि विचारू लागला, "काल इथे काळा राजमा होता. आज कुठे गेला? कोण म्हणतं संपला?" मुलं हसायची. वाचून दाखवणाऱ्या आया हसायच्या नाहीत.

"मग पकडलं कोणी?"

"पेन्सिलवाल्याच्या मुलीने. ती मुंगीखाऊची भक्त होती. एके दिवशी जेवताना तिने बापाला विचारलं, बाबा, राजमा कुठे गेला?" बाई खळखळून हसल्या. "दुसऱ्या दिवसापासून मला नोकरी नव्हती. मुंगीखाऊचं मात्र पुस्तक झालं. मूल विचारतं ना, तिथे सगळं बिघडतं. नाहीतर चांगलं चालतं."

बाई बसून राहणाऱ्यांतल्या नव्हेत. लाँड्री रूमच्या भिंतीवर त्यांनी मुलांचं वर्तमानपत्र सुरू केलं. नाव 'द ड्रायर', कारण आत सगळं गरम. सहाव्या मजल्यावर भाजी कोणी करपवली, लिफ्टमध्ये कुत्रा कोणाचा शिरला. नियम तीन. दोन साक्षीदार असल्याशिवाय छापायचं नाही. प्रश्न विचारला की गप्प बसायचं, कारण शांतता माणसाला सहन होत नाही आणि तो आपणहून बोलतो. आणि ज्याची बातमी आहे, त्याला छापण्याआधी तोंडावर विचारायचं. पाठीमागून काही नाही.

तिसऱ्या नियमामुळे एका संध्याकाळी माझ्या दारात अन्वी उभी राहिली. बाराव्या मजल्यावरच्या समीर आणि केतकीची मुलगी, तिसरीतली, पुढचे दात नुकते आलेले आणि तोंडाला मोठे होणारे.

"सुहासकाका, तुम्ही म्हणता तुम्ही फायर लेनमध्ये गाडी पार्क करत नाही. पण करता. वुई हॅव टू सोर्सेस. डू यू हॅव अ कॉमेंट?"

"एक साक्षीदार कोण गं?"

"काका, मी सोर्स नाही सांगू शकत." आणि ती गप्प उभी राहिली. डोळ्याची पापणीही न लवता. थोड्या वेळाने मीच सगळं सांगून टाकलं. शेवटी मागून ऐकू आलं, "मला विचारायचं ना, मी कधीचं सांगितलं असतं." हा आवाज मीनलचा. दोन साक्षीदारांपैकी एक कोण, तेही कळलं.

एकाच बाबतीत मी बाईंना शिकवू शकलो नाही. आमच्या घरातून निघताना त्या 'बाय' म्हणायच्या. मी म्हटलं, आमच्यात निघताना 'जाते' म्हणत नाहीत, 'येते' म्हणतात. समोरचा म्हणतो, 'या.'

"कधी येते?"

"कधी असं नाही. नुसतं म्हणायचं."

"पण मी उद्या मुलाकडे चालले आहे. येणार नाही."

"अहो, शुभ असतं."

त्यांनी डोळे बारीक केले. "कोन म्हन्तं?"

आणि 'बाय' म्हणून निघून गेल्या.

आता त्या जानेवारीकडे येतो.

समीरची आई, शालिनीकाकू, आधीचा अख्खा हिवाळा इथे राहून गेल्या होत्या. अमरावतीच्या. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, दाल्वाबाईंना मराठी येत नव्हतं, आणि दोघी रोज दुपारी समोरासमोर बसून मटार सोलत तासन्‌तास बोलत. काय बोलत, ते त्यांनाच ठाऊक. काकू परत गेल्या तरी रविवारी सकाळी आजी-नातीचा व्हिडिओ कॉल ठरलेला. अन्वी फोन घेऊन लाँड्रीत यायची आणि काकू तिकडून दाल्वाबाईंना हात हलवायच्या.

त्या जानेवारीत काकू झोपेतच गेल्या.

समीरला जाता आलं नाही. त्याचं व्हिसाचं काम अर्धवट अडकलेलं होतं आणि वकिलाने स्पष्ट सांगितलं होतं, देश सोडलात तर परत यायची खात्री देत नाही. नोकरी, केतकी, अन्वीची शाळा, सगळं इथे. भावाने तिकडून फोन धरला आणि समीरने पार्किंगमध्ये, गाडीत बसून, आईला निरोप दिला. मग गाडी लॉक केली, वर आला, आणि चालतच अन्वीला शाळेतून आणायला गेला.

तिला सांगायचं नाही, असं ठरलं. निदान उन्हाळ्याची सुट्टी लागेपर्यंत. आणि आम्ही सगळ्यांनी माना डोलावल्या, कारण ही तर आमची रीतच. वाईट बातमी आम्ही हप्त्याहप्त्याने देतो. आधी 'जरा बरं नाही', मग 'ॲडमिट केलंय', मग 'सिरियस आहे', आणि तोवर तिकडे सगळं उरकलेलं असतं. तुला परदेशात उगाच काळजी नको, म्हणून. समीरलाही भावाने असंच सांगितलं होतं, आई गेल्यावर, 'जरा बरं नाही' पासून सुरू करून.

प्रश्न होता रविवारच्या कॉलचा. इथे माझी गरज लागली. मंडळाची नाटकं बसवणारा माणूस बिल्डिंगमध्ये असताना संहिता दुसऱ्याने का लिहावी? पहिल्या रविवारी आजीचा फोन बिघडला. पुढे आजी चारधामला गेल्या. डोंगरात नेटवर्क नसतं. महिना-दोन महिने आरामात निघतील. समीर म्हणाला, "सुहासकाका, थँक्स यार." मला प्रवेश जमल्याचा आनंदसुद्धा झाला.

दाल्वाबाईंना सांगणं भाग होतं, नाहीतर त्या बोलून गेल्या असत्या. मी त्यांच्याकडे गेलो. काकू गेल्याचं ऐकून त्या खिडकीशी जाऊन उभ्या राहिल्या. मग मी उरलेलं सांगितलं. त्या वळल्या.

"मी मुलांशी खोटं बोलत नाही."

"बोलू नका. नुसतं गप्प राहा."

"गप्प राहा सांगणारा माणूस आमच्या ऑफिसात बसायचा. त्याला पगार मिळायचा. तू फुकट करतोस?"

मी म्हटलं, मूल लहान आहे, घाबरेल. त्या म्हणाल्या, "ती आत्ताही घाबरलेली आहे. कशाला, ते तिला माहीत नाही, एवढंच."

दुसऱ्या दिवशी त्या बाराव्या मजल्यावर गेल्या. काय झालं ते मला केतकीने सांगितलं. बाईंनी समीरचे दोन्ही हात धरले, काकूंबद्दल बोलल्या, आणि म्हणाल्या, "तिला सांग. आज सांग. मुलांना घरातला बदल कळतो." समीरने हात सोडवून घेतले. तो शांत मुलगा. आवाज न चढवता म्हणाला, "दाल्वा, ही आमच्या घरची गोष्ट आहे. प्लीज." आणि त्या रविवारपासून अन्वीचं 'द ड्रायर' बंद झालं. स्विमिंग क्लास लावलाय, असं सांगण्यात आलं.

त्यानंतरचे रविवार मी विसरणार नाही. मुलं नेहमीसारखी यायची, बातम्या आणायची. अन्वीचं स्टूल रिकामं. बाई लिफ्टचा आवाज आला की दाराकडे बघायच्या. समीर कपडे घेऊन खाली आला तर पाठ करून उभा राहायचा आणि कपडे ओले असतानाच काढून न्यायचा. मला लिफ्टमध्ये अन्वी भेटायची, तेव्हा मी काहीतरी विनोद करायचो आणि ती हसायची नाही. नुसती माझ्याकडे बघायची. प्रश्न विचारून झाल्यासारखी गप्प. मी सहाव्या मजल्यावर राहतो. एकदा मी तिसऱ्यावरच उतरून पळालो.

मग एका रविवारी ती आली. स्विमिंगची बॅग खांद्याला, केस कोरडे. मी टॉवेल मशीनमध्ये कोंबत होतो. बाई घड्या घालत होत्या. बाकी मुलं अजून यायची होती.

अन्वी सरळ बाईंसमोर जाऊन उभी राहिली.

"मला एक स्टोरी आहे. पण एकच सोर्स आहे."

माझ्या हातातला टॉवेल तसाच राहिला.

"काय आहे तुझ्याकडे?" बाई म्हणाल्या. संपादकाचा आवाज.

"आजीचं व्हॉट्सॲप. लास्ट सीन चेंजच होत नाहीये. आई म्हणते नेटवर्क नाही, चारधामला आहे. मी लायब्ररीत मिस्‌ना विचारलं, त्यांनी शोधून दिलं. चारधामची टेम्पल्स विंटरमध्ये क्लोज्ड असतात. स्नो असतो. ओपन होतात डायरेक्ट स्प्रिंगमध्ये." तिने श्वास घेतला. "सो दॅट पार्ट इज नॉट ट्रू."

अख्ख्या हिंदुस्थानातली तीर्थक्षेत्रं मोकळी होती. काशी होती, रामेश्वर होतं, गाणगापूर होतं. मी नाट्यपूर्ण म्हणून हिमालय निवडला होता. जानेवारीत.

"आता मला सेकंड सोर्स हवाय," अन्वी म्हणाली. "दाल्वा, इज माय आजी डेड?"

आणि ती गप्प झाली. शिकवल्याप्रमाणे.

ड्रायरमध्ये कोणाच्या तरी शर्टाची बटणं टक टक वाजत होती. मी बाईंकडे बघत होतो. हो म्हणाल्या, तर एका बापाचा शब्द मोडणार. नाही म्हणाल्या, तर आयुष्यभराचा स्वतःचा. माहीत नाही म्हणाल्या, तर तेही खोटंच. त्यांनी हातातला अभ्रा खाली ठेवला, गुडघ्यांना त्रास होत असूनही वाकल्या, आणि तिच्या डोळ्यांच्या पातळीवर आल्या.

"आजी कोणाची आई?"

"बाबाची."

"मग बातमी कोणाची आहे?"

अन्वीने विचार केला. "बाबाची."

"छापायच्या आधी कोणाला विचारायचं?"

"पण तो सांगणार नेटवर्क नाही!"

"मग तेच लिहून घ्यायचं. आणि परत विचारायचं." त्या तिचा खांदा धरून उठल्या. "चल. मी बोलणार नाही. मागे उभी राहीन. मोठ्या बातमीला संपादक बरोबर जातो."

मीही लिफ्टमध्ये घुसलो. का, ते विचारू नका. खिशातून फोन काढला आणि समीरला लिहिलं, 'तिला कळलंय, वर येतोय, तयार राहा.' पाठवा दाबलं. गोल गोल फिरत राहिलं. लिफ्टमध्ये नेटवर्क नव्हतं. खरोखरच नव्हतं.

दार केतकीने उघडलं. आत समीर पोह्यांचा कांदा चिरत होता. त्याने अन्वीला पाहिलं, कोरडे केस पाहिले, मागे दाल्वाबाईंना पाहिलं आणि सुरी ठेवून बाहेर आला.

"तुम्ही सांगितलंत तिला?"

बाईंनी फक्त मान हलवली. नाही.

"बाबा," अन्वी म्हणाली. घरात ती इंग्रजीत उत्तरं देणारी मुलगी. पण हे तिने मराठीत विचारलं, आजीच्या भाषेत. "आजी कुठे आहे?"

"बेटा, तुला सांगितलं ना. आजी चारधामला..."

"बाबा, तिथे बर्फ आहे. देवळं बंद आहेत."

समीरने माझ्याकडे पाहिलं. लेखकाकडे नट बघतो तसं, मध्येच ओळी संपल्यावर. मी दाराच्या बिजागरीकडे पाहिलं.

दाल्वाबाईंचा हात अन्वीच्या खांद्याच्या मागे, हवेत, टेकलेला नाही. इतक्या वर्षांच्या बातमीदारीत त्यांना अशा वेळी नुसतं मागे उभं राहणं जमलं नसणार, आणि आजही जमत नव्हतं.

समीर हळूच खाली बसला. बुटांच्या रॅकवर, बुटांवरच. त्याचं तोंड आता मुलीच्या तोंडासमोर आलं.

"गेली गं," तो म्हणाला. "आई गेली माझी. मी जाऊ शकलो नाही."

आणि तो रडायला लागला. गाडीत रडला नव्हता, ऑफिसात नाही, रात्री नाही, केतकीसमोरही नाही. अन्वी त्याच्याजवळ गेली. तिने त्याचं डोकं दोन्ही हातांनी धरलं, आजी तिचं धरायची तसं.

"तू कारमध्ये होतास त्या दिवशी. मला घ्यायला चालत आलास, पण यू स्मेल्ड लाइक कार. बाबा, मला सांगायचं ना. मी पण बसले असते."

यापुढचं मला पाहायचं होतं. मी जन्माचा प्रेक्षक. पण दाल्वाबाईंनी हात पुढे केला, दाराची मूठ धरली आणि बाहेरून दार ओढून घेतलं.

"बातमी संपली," त्या मला म्हणाल्या. "आता ते घर आहे." आणि भिंतीला टेकून, तोंडावर हात धरून, स्वतः रडल्या. त्यांचीही मैत्रीण गेली होती, आणि इतके दिवस त्यांनाही रडायची मुभा नव्हती.

समीरने माफ करायला वेळ घेतला. मला आधी केलं, बाईंना नंतर. खाली यायचा, मान हलवायचा, बोलायचा नाही. मग एका रविवारी अन्वीबरोबर आला. तिच्या हातात कागद होता, मजकूर तिचाच. बाईंनी वाचला, दोन पेनांपैकी एक काढलं, क्षणभर धरलं आणि एकही अक्षर न खोडता परत खिशात ठेवलं. कागद 'द ड्रायर'च्या मधोमध लागला. मला तो पाठ आहे.

'शालिनीआजी वारली. ती आपल्याकडे एक विंटर राहिली. ती म्हणायची ड्रायर छान आहे पण कपड्यांना उन्हाचा वास येत नाही. तिला मटार सोलायला आवडायचे. साक्षीदार: बाबा, दाल्वा.'

खाली उभा राहून समीर तो वाचत होता. मग बाईंना म्हणाला, "उन्हाच्या वासाचं ती खरंच म्हणायची?"

"तुझ्या मुलीने मला विचारून घेतलं," बाई म्हणाल्या. "मटार सोलताना कपड्यांकडे आणि मग खिडकीकडे बोट दाखवून नाक मुरडायची. मला शब्द कळले नाहीत. पण साक्ष देऊ शकते."

समीर हसला. बऱ्याच दिवसांनी.

दाल्वाबाई गेल्या वर्षी ऑक्टोबरात श्रूजबरीला मुलाकडे राहायला गेल्या. हृदयाचं दुखणं होतं, डॉक्टरांनी काही लपवलं नव्हतं, आणि लपवलं असतं तर बाईंनी दुसऱ्या डॉक्टरांना विचारलंच असतं. मुलांना त्यांनी स्वतः सांगितलं, लाँड्रीत, एकेक प्रश्न घेत. परत येणार का? नाही. फोन करणार का? जमेल तोवर.

निघायच्या दिवशी लॉबीत सगळे जमले. मीनलने डबा बांधून दिला. विधवेची भरत नाहीत ही रीत बाजूला ठेवून केतकीने ओटी भरली, बाईंनी नारळ दोन्ही हातांत धरून कानाशी हलवला, आत पाणी आहे की नाही पडताळायला. मी भाषण तयार केलं होतं. त्यात मुंगीखाऊ होता, वाघ होता, शेवटी टाळी होती. मुलाने गाडी दाराशी आणली. त्यांनी शर्टाच्या खिशातलं एक पेन काढून अन्वीला दिलं. दुसरं राहू दिलं.

मग गाडीच्या दारात उभ्या राहून त्यांनी आमच्याकडे पाहिलं आणि मी म्हणायचा नाही म्हणून सांगितलेला शब्द नीट, एकेक अक्षर सावकाश उच्चारत म्हटला.

"जाते."

लॉबीत एकदम गलका झाला. "अहो, असं नाही म्हणायचं!" "येते म्हणा, दाल्वाबाई, येते!" केतकीचे डोळे भरले. मीनलने तर कपाळाला हात लावला.

"म्हणू दे तिला," अन्वी म्हणाली. पेन मुठीत घट्ट. "शी चेक्ड."

गलका थांबला. बाई माझ्याकडे बघत होत्या. प्रश्न विचारून झालेल्या माणसासारख्या, गप्प. भाषण माझ्या खिशात होतं. जिभेवर 'या' होतं, लहानपणापासून आपोआप येणारं. ते मी गिळलं.

"जा, दाल्वाबाई," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली, बरोबर उत्तर मिळाल्यासारखी, आणि गाडीत बसल्या.